साठ दिवस उलटले, तरी बांधकाम परवानगीचं उत्तर नाही: हायकोर्टात जाऊन नेमकं काय मिळतं?

प्रश्न थोडक्यात असा आहे. मुलुंडमधली 32 सभासदांची सोसायटी स्वयंपुनर्विकास करते आहे. प्रस्ताव दाखल करून नऊ महिने झाले. मधल्या काळात तीनदा क्वेऱ्या आल्या, तिन्हींची उत्तरं दिली. शेवटचं उत्तर देऊन चार महिने झाले, पण ना मंजुरी ना नकार. निम्मे सभासद भाड्याच्या घरात गेलेत. आर्किटेक्ट म्हणतात, 60 दिवस झाले, म्हणजे कायद्याने परवानगी मिळाली असं धरायचं आणि काम सुरू करायचं. एक ज्येष्ठ सभासद म्हणतात, हायकोर्टात जा, कोर्टच परवानगी देऊन टाकेल. सचिवांनी विचारलंय की कुणाचं ऐकायचं? (प्राधिकरण कोणतं, हे मी मुद्दाम लिहीत नाही. उत्तर सगळीकडे जवळपास सारखंच आहे.)

सचिवसाहेब, दोघांचंही अर्धंच बरोबर आहे. कोर्ट बहुतेक वेळा परवानगी देत नाही, तारीख देतं: अमुक आठवड्यांच्या आत निर्णय घ्या. ती तारीख तुमच्या उपयोगी पडायची असेल, तर तोपर्यंत फाईलमध्ये निर्णयाखेरीज काहीही बाकी राहता कामा नये. याचिकेपेक्षा जास्त मेहनत या तयारीला लागते, आणि नेमकी तीच करायला लोक कंटाळतात.

आधी आर्किटेक्टांचा मुद्दा घेऊ, कारण त्यात धोका जास्त आहे. ते सांगतात ती तरतूद खरी आहे. महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, 1966, म्हणजे आपला एमआरटीपी, त्याचं कलम 45(5). अर्ज मिळाल्यापासून किंवा प्राधिकरणाने मागितलेल्या पूर्ततेचं उत्तर मिळाल्यापासून, यातलं जे नंतरचं असेल त्यापासून 60 दिवसांत निर्णय कळवला नाही, तर 61व्या दिवशी परवानगी दिली असं मानलं जातं. बरेच जण इथपर्यंतच वाचतात. त्याच पोटकलमाला जोडून परंतुक, म्हणजे अट, आहे: प्रस्ताव विकास नियंत्रण नियमावलीशी आणि विकास आराखड्याशी काटेकोरपणे सुसंगत असेल, तरच. आणि दुसरं परंतुक त्याहून कडक आहे. अशा मानीव परवानगीवर केलेलं काम नियमांच्या विरुद्ध निघालं, तर ते कलम 52 ते 57 साठी अनधिकृत बांधकाम समजलं जाईल. म्हणजे कलम 53 ची पाडण्याची नोटीस, शिवाय फौजदारी खटल्याची शक्यता.

आता स्वतःचा नकाशा समोर घ्या. मुंबईत जुन्या सोसायटीचा प्लॉट लहान असतो, इमारत उंच जाते आणि नियमाप्रमाणे बाजूला जेवढी मोकळी जागा सोडायला हवी तेवढी सुटत नाही. मग आपण आयुक्तांकडे सवलत मागतो, ज्याला सगळे ‘कन्सेशन’ म्हणतात, आणि त्यासाठी प्रीमियम भरतो. 35 टक्के फंजिबल एफएसआय (प्लॉटच्या प्रमाणात मिळणाऱ्या बांधकाम क्षेत्रावरचं वाढीव क्षेत्र) हाही विशेष परवानगीने मिळतो. आता ज्या प्रस्तावात आयुक्तांची विवेकाधीन सवलत मागितली आहे, तो नियमांशी ‘काटेकोरपणे सुसंगत’ आहे असं कोर्टात कोणत्या तोंडाने सांगणार? सवलत मागितली याचा अर्थच, ती मिळाल्याशिवाय नकाशा नियमात बसत नाही. माझं स्पष्ट मत आहे की मुंबईतल्या पुनर्विकासाच्या बहुसंख्य प्रस्तावांना मानीव परवानगीचा आधार घेताच येत नाही. गावाकडे मोकळ्या प्लॉटवर साधं दुमजली घर बांधणाऱ्याला कदाचित घेता येईल.

मुंबई महानगरपालिका अधिनियम, 1888 मध्येही असंच एक कलम आहे, 345. त्यात 30 दिवसांत नापसंती कळवली नाही तर काम सुरू करता येतं. मात्र तिथंही अट तीच: कायद्याच्या आणि उपविधींच्या विरुद्ध नाही अशा रीतीने. मुंबईत आधी या जुन्या कायद्याखाली आयओडी (नकाशाला अटींसह प्राथमिक मंजुरी) आणि मग एमआरटीपीखाली सीसी (काम सुरू करण्याचा दाखला) अशी दोन पायऱ्यांची पद्धत आहे. एका पायरीवर मानीव मंजुरी मिळाली असं क्षणभर धरलं, तरी दुसरी पायरी उरतेच.

आणि समजा, कायद्याचा मुद्दा तुमच्या बाजूने आहे. तरी बँक कर्ज कशावर देणार? महारेराची नोंदणी सीसीशिवाय होत नाही, म्हणजे विक्रीच्या सदनिका विकता येत नाहीत, म्हणजे स्वयंपुनर्विकासातला पैसाच येत नाही. सुधारित नकाशे मंजूर नसताना आणि काम थांबवण्याची नोटीस येऊनही मजले चढवले की काय होतं, ते वरळीच्या कॅम्पा कोला कंपाउंडमधल्या रहिवाशांनी भोगलंय. सुप्रीम कोर्टाने 2013 मध्ये ते मजले नियमित करायला नकार दिला. चुका बिल्डरांच्या होत्या आणि रस्त्यावर आली ती घरं घेतलेली माणसं. तुमच्याकडे तर बिल्डर म्हणजे तुम्हीच.

मग 45(5) चा उपयोग काय? याचिकेत खूप आहे. एरवी ‘वाजवी मुदत’ किती, यावर वाद घालावा लागतो. इथं विधिमंडळानेच 60 दिवस हे माप ठरवून दिलंय. त्यामुळे ‘चार महिने म्हणजे काही फार नाही’ असं समोरच्या वकिलाला म्हणता येत नाही.

पण दिवस मोजताना सावध राहा. प्रत्येक क्वेरीनंतर तुमच्या उत्तराच्या तारखेपासून 60 दिवस पुन्हा पहिल्यापासून मोजले जातात. मुदत संपता संपता एक क्वेरी टाकली की झालं. त्या क्वेऱ्याही ठरावीक असतात: मालमत्ता पत्रक ताजं जोडा, क्षेत्रफळाचा तक्ता सुधारून द्या, संमतीपत्रांची यादी पुन्हा द्या. यातल्या काही खऱ्या असतात, काही वेळ काढायला. कोणती कुठली, हे ओळखत बसू नका. सगळ्यांची उत्तरं एकाच पद्धतीने द्या: डाव्या रकान्यात क्वेरी जशीच्या तशी, उजवीकडे उत्तर, त्यापुढे जोडलेल्या कागदाचा पान क्रमांक. शेवटी एक वाक्य: ‘या उत्तरानंतर आमच्याकडून कोणतीही पूर्तता बाकी नाही, बाकी असल्यास ती सर्व एकाच पत्राने कळवावी.’ प्रस्ताव ऑनलाइन असला तरी हेच पत्र आवक-जावक विभागात देऊन शिक्का घ्या. पोर्टलचा स्क्रीनशॉट आणि शिक्क्याची प्रत यांत शिक्का नेहमी जास्त बोलतो.

याचबरोबर माहिती अधिकारात अर्ज टाका आणि फाईलवरच्या टिपण्यांच्या प्रती मागा. ‘माझ्या अर्जाचं काय झालं’ असं मोघम विचारू नका. फाईल कोणत्या तारखेला कोणाच्या टेबलावर गेली, तिथे काय शेरा मारला गेला, ते मागा. उत्तरासाठी कायद्यात 30 दिवस आहेत. नाही दिलं तरी बिघडत नाही, तेही याचिकेला जोडता येतं.

टिपण्या हाती आल्या की कधीकधी वेगळंच कळतं. प्राधिकरणाने फाईल अडवलेलीच नसते. ती अग्निशमन दलाच्या, विमानतळ प्राधिकरणाच्या उंचीच्या, वृक्ष प्राधिकरणाच्या किंवा किनारा नियमन क्षेत्र असेल तर त्या प्राधिकरणाच्या ना-हरकतीसाठी थांबलेली असते. अशा वेळी फक्त नियोजन प्राधिकरणाविरुद्ध आदेश आणलात तर ते खुशाल सांगतील की ना-हरकत आली की देतो. ज्याच्याकडे कागद अडकलाय त्याला प्रतिवादी करा आणि त्याच्याविरुद्ध वेगळी मागणी मांडा. मी पाहिलेल्या कितीतरी याचिकांमध्ये हे राहून गेलेलं असतं.

आणखी एक नेहमीची सबब म्हणजे एखाद्या नाराज सभासदाचं तक्रारपत्र. ‘सोसायटीत वाद आहे, प्रकरण न्यायप्रविष्ट आहे’ असा शेरा मारून फाईल बाजूला ठेवतात. कोणत्याही कोर्टाचा स्थगिती आदेश आहे का, एवढाच प्रश्न महत्त्वाचा. नसेल तर तसं शपथपत्र देऊन टाका. सभासदांच्या आपसातल्या भांडणाचा निवाडा करणं हे नियोजन प्राधिकरणाचं काम नाही.

आता कोर्ट. एमआरटीपीच्या कलम 47 खाली राज्य शासनाकडे अपील करता येतं, पण ते नकाराविरुद्ध किंवा जाचक अटींविरुद्ध. तुमच्याकडे आदेशच नाही, तर अपील कशाचं करणार? म्हणून ‘पर्यायी मार्ग आहे, तिकडे जा’ असं तुम्हाला सांगणं अवघड आहे, आणि हीच तुमची जमेची बाजू. दिवाणी कोर्टात जाऊ नका, तिथल्या दाव्याला मनाई करणारं एमआरटीपीचं कलम 149 आडवं येतं. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, 2015 हाही एक मार्ग आहे. सेवा अधिसूचित असेल तर त्यात पहिलं अपील, दुसरं अपील आणि अधिकाऱ्याला 500 ते 5,000 रुपयांपर्यंत दंड आहे. एखाद्या साध्या दाखल्यासाठी तो ठीक आहे. 32 कुटुंबांच्या पुनर्विकासासाठी मी त्यावर विसंबणार नाही. राहिली ती संविधानाच्या अनुच्छेद 226 खालची रिट याचिका, परमादेशासाठी, म्हणजे प्राधिकरणाला त्याचं कर्तव्य करायला लावणाऱ्या आदेशासाठी. बृहन्मुंबईतलं प्रकरण म्हणून ती मूळ शाखेत, म्हणजे ओरिजिनल साइडला दाखल होते.

याचिकेआधी वकिलामार्फत मागणीची नोटीस द्या. परमादेश मागणाऱ्याने आधी मागणी केलेली असावी, असा जुना नियम आहे. नोटीस आयुक्त किंवा मुख्य कार्यकारी अधिकारी यांच्या नावे असावी, नुसती टेबलावरच्या अभियंत्याच्या नावे नको. त्यात तारखांचा तक्ता, 45(5) चा उल्लेख आणि पंधरा दिवसांची मुदत एवढंच हवं. भावना घालू नका. वृद्ध सभासदांचे हाल, भाड्याचा बोजा हे याचिकेत एका परिच्छेदात येऊ द्या, पुराव्यासह.

याचिकेत मागणी काय करायची, यावर निकालाचं मोल ठरतं. बरेच वकील सवयीने लिहितात, ‘प्रतिवादींना याचिकाकर्त्यांच्या अर्जाचा विचार करण्याचा आदेश व्हावा.’ नुसता ‘विचार करा’ म्हटलं की प्राधिकरण विचार करतं आणि नाकारतं, किंवा विचार करून आणखी एक क्वेरी टाकतं. आंध्र प्रदेशच्या मार्ग परिवहन महामंडळाच्या 2006 च्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने ‘विचार करा’ अशा आदेशांमुळे होणारा घोळ बराच समजावून सांगितलाय. मी मागणी साधारण अशी लिहितो: ‘अमुक तारखेच्या उत्तरानंतर पूर्तता बाकी नाही असं धरून, आदेशापासून चार आठवड्यांत, लागू नियमावलीनुसार, सोसायटीच्या प्रतिनिधीचं म्हणणं ऐकून, कारणांसह लेखी निर्णय द्यावा, एखादी पूर्तता हवीच असेल तर ती पहिल्या सात दिवसांत, एकाच पत्राने मागावी, आणि निर्णय झाल्यापासून तीन दिवसांत कळवावा.’ यातला ‘सात दिवस, एकच पत्र’ हा भाग सगळ्यात मोलाचा. तो नसेल तर चार आठवड्यांचे चार महिने कसे होतात ते तुम्हाला मी सांगायला नको.

थेट परवानगीच द्या, असा आदेश कोर्ट देऊ शकत नाही असं नाही. महालेखापरीक्षकांच्या 1986 च्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की योग्य प्रकरणात हायकोर्ट स्वतःही आदेश देऊ शकतं. पण नकाशा तपासणं, मोकळी जागा मोजणं, एफएसआयचा हिशेब लावणं हे आपलं काम नाही असं न्यायाधीश मानतात, आणि मला ते पटतं. सगळ्या ना-हरकती आलेल्या, प्रीमियम भरलेला, फाईलवर ‘मंजुरीस हरकत नाही’ असा शेरा आणि फक्त सही राहिलेली, अशा फाईलसाठी तेवढा आग्रह धरावा.

सुनावणीच्या दिवशी काय होतं, तेही माहीत असू द्या. आदल्या संध्याकाळी पोर्टलवर अचानक नवीन क्वेरी उगवण्याची शक्यता बरीच असते. सकाळी बोर्डावर तुमचं प्रकरण निघतं, समोरचे वकील उभे राहून म्हणतात, ‘आम्ही कालच पूर्तता मागितलीय, याचिका मुदतपूर्व आहे, प्राधिकरणाकडून सूचना घ्यायला दोन आठवडे द्यावेत.’ तुमच्या वकिलाच्या हातात तो रकान्यांचा तक्ता असेल तर ही क्वेरी मागच्याच क्वेरीची नक्कल आहे हे तिथल्या तिथे दाखवता येतं. तक्ता नसेल तर पुढची तारीख. बहुतेकदा दुसऱ्या-तिसऱ्या सुनावणीला समोरून ‘आम्ही अमुक आठवड्यांत निर्णय घेऊ’ असं निवेदन येतं. ते निवेदन आदेशात नोंदवून घ्या, त्यावर समाधान मानायला हरकत नाही. शपथपत्रांची लढाई लढून मिळणारा आदेश त्याहून फारसा वेगळा नसतो.

‘कोर्टात गेलो तर अधिकारी डूख धरतील का?’ ही भीती प्रत्येक कमिटीत कुणीतरी बोलून दाखवतंच. माझा अनुभव उलटा आहे. फाईल अडते ती दर वेळी लाचेसाठीच असं नाही. कन्सेशनवर सही केली आणि उद्या चौकशी लागली तर काय, या धास्तीने ती एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर ‘मार्गदर्शनार्थ’ फिरत राहते. कोर्टाची तारीख आली की सही करणाऱ्याला आधार मिळतो. एखादा अभियंता बाहेर येऊन हळूच ‘बरं झालं आलात’ म्हणतो, तेव्हा आश्चर्य वाटून घेऊ नका.

आता उशिराचा खरा धोका. परवानगीला नियम कोणते लागू होतात? अर्जाच्या दिवशीचे नाहीत, निर्णयाच्या दिवशीचे. पुणे छावणी मंडळाच्या 1992 च्या खटल्यात हे ठरलं. हावडा महानगरपालिका विरुद्ध गँजेस रोप कंपनी (2004) या प्रकरणात तर वाढीव मजल्यांच्या अर्जावर हायकोर्टाने मुदत घालून दिली होती, तरी निर्णयाआधी नियम बदलले. सुप्रीम कोर्ट म्हणालं, नुसता अर्ज प्रलंबित होता म्हणून जुन्या नियमांचा हक्क निर्माण होत नाही. विकास नियंत्रण व प्रोत्साहन नियमावली 2034 सप्टेंबर 2018 पासून लागू आहे आणि तेव्हापासून तिच्यात फेरफार होत आलेत. उद्याचा फेरफार तुमच्या फायद्याचा असेल की तोट्याचा, कोण सांगणार? म्हणून ‘अजून दोन महिने वाट पाहू’ हे धोरण फुकटचं नसतं.

आदेश मिळाल्यावर नकार आला तर? येऊ शकतो. ‘आम्ही कोर्टात जिंकलो आणि त्यांनी नाकारलं, अवमान याचिका टाका’ असं म्हणत सभासद येतात. मुदतीत कारणांसह नकार दिला तर तो अवमान नाही. त्याविरुद्ध कलम 47 चं अपील, 40 दिवसांत, नगरविकास विभागाकडे. हे दिवस वाया घालवू नका. नैसर्गिक न्याय डावलला असेल किंवा अधिकारच नसताना नाकारलं असेल, तर पुन्हा थेट 226 मध्ये जाता येतं. अवमानाचा मुद्दा मुदत संपूनही निर्णय दिला नाही तेव्हा येतो, आणि त्याला एक वर्षाची मर्यादा आहे. अवमानाची नोटीस शक्यतो नावानिशी, पदावर असलेल्या अधिकाऱ्याला द्या. संस्थेला दिलेली नोटीस संस्थेतच फिरते.

नुकसानभरपाईबद्दल फार आशा लावू नका. लखनौ विकास प्राधिकरणाच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने छळाबद्दल भरपाई आणि ती जबाबदार अधिकाऱ्यांच्या पगारातून वसूल करायला सांगितलं, हे खरं. पण त्यासाठी दुष्ट हेतू दाखवावा लागतो आणि त्या वादात मूळ परवानगी मागे पडते. भाड्याचा हिशेब जपून ठेवा, पण पहिल्या याचिकेत तो मुख्य मुद्दा करू नका.

तुमची जमीन म्हाडाच्या लेआउटमधली असेल, तर 2018 पासून तिथं म्हाडाच नियोजन प्राधिकरण आहे, प्रतिवादी तसा बदलेल. झोपडपट्टी पुनर्वसनाचं प्रकरण असेल तर झोपडपट्टी कायद्यातली तक्रार निवारण यंत्रणा आहे आणि कोर्ट आधी तिकडे पाठवण्याची शक्यता जास्त. तो वेगळा विषय.

तुम्हाला मी आता एवढंच सांगेन. या आठवड्यात माहिती अधिकाराचा अर्ज आणि पूर्ततेचं अंतिम पत्र, दोन्ही द्या, त्यामागोमाग मागणीची नोटीस. याचिका मेच्या सुट्टीच्या बरीच आधी दाखल व्हायला हवी. सुट्टीतलं खंडपीठ तातडीची प्रकरणंच ऐकतं आणि तुमची निकड खरी असली तरी पाडकामाच्या नोटिशीइतकी ती तातडीची ठरत नाही. याचिका सोसायटीच्या नावे असेल, म्हणून सर्वसाधारण सभेचा ठराव लागेल, त्यात सही करणाऱ्याचं नाव हवं. बँकेशी बोलणी आणि ठेकेदाराचा मसुदा याचिका चालू असतानाच पक्का करून ठेवा, कारण परवानगी मिळाली की एमआरटीपीच्या कलम 48 प्रमाणे ती एक वर्षच चालते. मुदतवाढ मागता येते, तीही वर्षा-वर्षाने आणि मर्यादेत. आणि मागच्या सभांच्या इतिवृत्तावर सह्या राहिल्या असतील, तर त्या आधी घ्या. समोरचे वकील पहिलं बोट तिथंच ठेवतात.